मण्यारणीच्या लेकीची घरं

सटाण्याच्या आसपासच्या पंधरा-वीस गावांत माजिदा मण्यारणीला ओळखत नाही असं घर सापडणं कठीण होतं. पाठीवर बांगड्यांचं गाठोडं, हातात पाण्याची बाटली, आणि शाळेला सुट्टी असली की मागून चालणारी तिची लेक शाझिया. दारात उभं राहून माजिदा तिथल्याच बोलीत हाक द्यायची, "घरमा कोन शे माय?" आतून कोणीतरी सून, कोणीतरी सासू हात पुसत यायची. मग उंबऱ्याशी बसकण मारून बांगड्यांचे जुडगे सोडले जायचे आणि तासभर ते घर मण्यारणीचं होऊन जायचं.

शाझियाचं काम एवढंच, की अम्मी मागेल त्या रंगाचा जुडगा पुढे करायचा. त्यात फार डोकं लागत नसे. त्यामुळे अम्मी समोरच्या बाईचा हात दाबून दाबून बांगडी चढवत असायची आणि शाझिया घर बघत असायची. कांद्याच्या व्यापाऱ्याकडे फ्रीज बैठकीत असायचा आणि त्यावर क्रोशाचा रुमाल. सालदाराच्या घरी कपांचे कान खिळ्यांत अडकवलेले. कुठे विजेचं बिल दारामागच्या तारेला टोचलेलं, कुठे औषधाच्या बाटल्या देवाच्या फळीवर, तर कुठे केसांचा कंगवा थेट छपराच्या वाशात खोचलेला. घरी परतताना ती हे सगळं अम्मीला सांगत सुटायची.

माजिदा म्हणायची, "लोकांच्या घरात बघ खुशाल. पण या घरचं त्या घरी बोलायचं नाही. आपण पुन्हा त्याच दारात जाणार असतो."

शाझिया बाहेर बोलत नसे. ती चित्रं काढायची. वहीच्या मागच्या पानांवर स्वयंपाकघरं, पडव्या, न्हाण्या. माणूस एकही नाही. शाळेतल्या चित्रकलेच्या सरांनी ती वही पाहिली आणि ते स्वतः सायकलवरून घरी आले. मुलीला नाशिकला पाठवा, चित्रकला शिक्षकाचा डिप्लोमा करू द्या, म्हणाले. अब्बा, म्हणजे अन्सारभाई, आठवडे बाजारात बांगड्यांची गाडी लावायचे. मुलगी एकटी नाशिकला, हे त्यांच्या गळी उतरेना. दोन दिवस घरात धुसफूस चालली. तिसऱ्या दिवशी माजिदाच म्हणाली, "जुन्या नाशकात माझी खाला राहते. तिच्याकडे राहील. जुडगे पुढे करायला मला कोणीही मिळेल."

अशी शाझिया नाशिकला आली. डिप्लोमा झाला, पण शिक्षकाची नोकरी काही मिळाली नाही. तिने लग्नाच्या मंडपांचे पडदे रंगवले, बालवाड्यांच्या भिंतींवर ससे आणि हत्ती काढले, दोन वर्षं अशीच गेली. मग एकदा गंगापूर रोडच्या एका बंगल्यात टीव्ही मालिकेचं शूटिंग चाललं होतं, तिथे अंगणातल्या भिंतीवर वारली चित्रं काढायला बाई हवी होती. काम चार दिवसांचं.

तिसऱ्या दिवशी ती हात धुवायला आत गेली, तर तिथे बागलाणातल्या, म्हणजे तिच्या सटाण्याकडच्याच, एका बड्या शेतकऱ्याचं स्वयंपाकघर मांडलेलं होतं. फळीवर पितळी डबे उंचीप्रमाणे ओळीने, लसणाच्या माळा, रवी, सूप, जातं. सगळं घासूनपुसून लख्ख. शाझियाला हसू आवरलं नाही.

"कोण हसलं?" मागून आवाज आला.

मालिकेचे कला दिग्दर्शक दीपक गांगुर्डे दारात उभे होते. पन्नाशीचा, जाड चष्म्याचा, खिशात सतत मोजपट्टी बाळगणारा माणूस. पडद्यावर जे घर, जो रस्ता, जी खोली दिसते, ती कशी असावी हे ठरवायचं आणि उभी करून द्यायची, हे त्यांचं काम. शाझियाला वाटलं, आता हा आपल्याला हाकलणार.

"मी हसले, सर. चुकलं."

"का हसलात ते सांगा. चुकलं की नाही ते मग बघू."

"सर, या घरात रोज स्वयंपाक होत नाही."

"कशावरून?"

"तेलाची बरणी चुलीपासून किती लांब आहे बघा. फोडणी द्यायला बाई प्रत्येक वेळी उठणार का? आणि चहाची गाळणी कुठेच नाही. बागलाणात एवढं मोठं घर, आणि चहा होत नाही?"

दीपकसरांनी बरणी उचलून चुलीशी ठेवली. एका माणसाला गाळणी आणायला पिटाळलं. मग चष्मा पुसत विचारलं, "भिंत उद्या संपेल ना? परवा सकाळी आठला या. ब्रश नका आणू."

त्या परवापासून शाझिया त्यांच्या हाताखाली तेरा वर्षं राहिली.

पहिलं स्वतंत्र काम त्यांनी तिला दिलं ते एका चित्रपटातलं रेल्वे क्वार्टरमधलं स्वयंपाकघर. मनमाडमध्ये माजिदाची धाकटी बहीण राहायची, त्यामुळे क्वार्टर्स शाझियाच्या ओळखीच्या. तिने आठ दिवस खपून डोक्यात साठलेलं सगळं त्या खोलीत ओतलं. वेळापत्रक, रेल्वेचा कंदील, डब्यांवर चिकटवलेली नावं, खिळ्यावरचे कप, तारेवरची बिलं, कॅलेंडरवर दुधाच्या खुणा. दीपकसर आले. दारात बराच वेळ उभे राहिले. मग आत जाऊन एकेक वस्तू उचलून बाहेर नेऊन ठेवू लागले. कंदील गेला, वेळापत्रक गेलं, अर्धे डबे गेले. शाझियाचे डोळे भरून आले.

"हे दुकान झालंय," ते म्हणाले. "तुझ्या आईचं गाठोडं सोडल्यासारखं. गाठोडं सगळं उघडून दाखवायचं असतं, कारण त्यातलं विकायचं असतं. घर काही विकत नसतं. घरात आलेल्या माणसाला आधी बसायला जागा दिसली पाहिजे."

तिला राग आला होता. बसमधून घरी येईपर्यंत टिकला. पण पुढे महिन्याभराने त्या खोलीतला प्रसंग पडद्यावर पाहिला, तेव्हा नट ओट्याला टेकून उभा राहतो त्या रिकाम्या जागेकडे ती बघत राहिली. ती जागा तिने डब्यांनी भरून टाकली होती. दुसऱ्या दिवशी सरांसाठी ती घरून शीरखुर्मा घेऊन गेली. सरांनी कारण विचारलं नाही. दोन वाट्या खाल्ल्या.

त्या तेरा वर्षांत तिने पोलीस चौक्या मांडल्या, वकिलांची ऑफिसं, दवाखाने, वाण्याची दुकानं, एकदा तर अख्खा मासळी बाजार. वस्तू मागायला ती लोकांच्या दारी जायची. जुनं कपाट, वापरलेला पाळणा, डाग पडलेली चटई. नवं आणून जुनं करण्यापेक्षा जुनंच मागून आणलेलं बरं, हा तिचा हेका. एकदोन ठिकाणी नाव सांगितल्यावर दार अर्धंच उघडं राहिलं, तेही तिने पाहिलं. पण मोजायला गेलं तर आत बोलावून चहा देणारी दारंच कितीतरी जास्त होती. पंचवटीतल्या एका आजींनी तर नवऱ्याची आरामखुर्ची देताना एवढंच म्हटलं, "यावर कोणी नीट माणूस बसव हं." शाझियाने त्या खुर्चीत चित्रपटातले हेडमास्तर बसवले आणि खुर्ची परत करताना आजींना फोटो नेऊन दिला.

मधल्या काळात लग्न झालं. रिझवान नाशिकच्याच द्वारका चौकाजवळच्या एका औषधांच्या दुकानात कामाला होता. बायको महिना महिना बाहेरगावी शूटिंगला, आणि नवरा घरी मुलीच्या, मेहविशच्या, वेण्या घालतोय, यावर नातलगांत बरीच कुजबुज झाली. रिझवान म्हणायचा, "तिच्या वेण्या माझ्या हातच्या जास्त घट्ट बसतात, विचारा तिला."

मग दीपकसरांचे गुडघे गेले. त्याच सुमारास अमोल नावाचा एक तरुण दिग्दर्शक त्यांच्याकडे आला. त्याच्या चित्रपटात गोष्ट अशी होती, की डोंगरातल्या एका पाड्यावर एक विधवा बाई एकटी राहते; मुलं शहरात चल म्हणतात, ती घर सोडत नाही. जवळजवळ सगळा चित्रपट त्या एका घरात. सरांनी संहिता वाचली, मिटली आणि समोर बसलेल्या शाझियाच्या हातात ठेवली.

"मी करू शकतो," ते अमोलला म्हणाले, "पण मी केलं तर सेट होईल. ही करेल तर घर होईल. नाव तिचं लावा. माझं नको."

अमोलला ते लगेच पटलं नसावं. पण सरांपुढे तो नाही म्हणू शकला नाही. घरी जाताना शाझियाने तीनदा सरांना फोन केला आणि तिन्ही वेळा काय बोलायचं ते न सुचून ठेवला. चौथ्यांदा सरांनीच केला. "पोहोचलीस का?" एवढंच विचारलं.

इगतपुरीच्या पुढे, मोठ्या रस्त्यापासून आत, बारकू आगिवल्याच्या माळावर जागा मिळाली. बारकू आणि त्याची बायको भागीबाई भात लावायचे, पाऊस संपला की वीटभट्टीवर जायचे. माळ रिकामाच होता. दिवस थोडे होते, म्हणून शाझियाने नेहमीची रीत धरली. लाकडी चौकट, त्यावर प्लाय, प्लायवर गोणपाट आणि वरून मातीचा लेप. सप्टेंबर संपत आला होता, पाऊस ओसरला असं सगळेच म्हणत होते. शूटिंगला चार दिवस उरले आणि तो परत आला. दोन दिवस, दोन रात्री. तिसऱ्या दिवशी सकाळी ती माळावर पोहोचली, तर लेप गळून पायथ्याशी चिखल झाला होता, आणि भिंतींतून प्लायच्या कारखान्याचे शिक्के दिसत होते.

अमोल आला, पाहिलं, आणि गाडीत जाऊन बसला. त्याने आरडाओरडा केला असता तर तिला बरं वाटलं असतं. ती एका दगडावर बसून राहिली. अम्मीला फोन लावला आणि रडूच लागली. माजिदाने पलीकडून एवढंच विचारलं, "कुठे आहेस?" पत्ता ऐकला आणि फोन ठेवला.

तेवढ्यात बारकू खांद्यावर घोंगडी टाकून आला. भिंतीत बोट घालून पाहिलं.

"बाई, ही भित हाय का खोकं?"

शाझिया रडता रडता हसली. "खोकंच."

"मग इचारायचं ना आमाला. इथं आमी राहतो. आमची घरं पडली का या पावसानं?" त्याने पाड्याकडे हात केला. "कारवी हाय डोंगरात. कूड घालू. आमच्या बाया लिपतील. पाच दिस दे."

ती धावत गाडीकडे गेली आणि काच वाजवली. पाच दिवस मागितले. अमोलने बराच विचार केला. बाहेरचे, रानातले, बाजारातले प्रसंग आधी उरकता येतील, असं त्याने ठरवलं. "पाच," तो म्हणाला. "सहा नाहीत."

दुसऱ्या दिवसापासून माळावर वेगळंच काम सुरू झालं. पुरुषांनी कारवीच्या काठ्यांचे भारे आणले, उभ्या-आडव्या विणून कूड उभे केले. भागीबाईने पाड्यावरच्या सात-आठ बायका जमवल्या. माती, शेण, भाताचा तूस, सगळं पायांनी मळलं. शाझियाही पदर खोचून त्यांच्यात उतरली. मंडपाचे पडदे रंगवणारा, सेट जुने करणारा तिचा हात भागीबाईला पसंत पडला नाही. "असा थापायचा नाय. पोराच्या पाठीवरून फिरवतो तसा फिरव," ती म्हणाली. दुपारपर्यंत शाझियाला जमायला लागलं.

त्याच दुपारी रस्त्याच्या वळणावर रिक्षातून एक म्हातारी उतरली. डोक्यावर ओढणी, पाठीवर गाठोडं. अडुसष्ट वर्षांची माजिदा सटाण्याहून नाशिकला, नाशिकहून इगतपुरीला, तिथून इथवर एकटी आली होती.

"अम्मी! गाठोडं कशाला आणलंस?"

"मोकळ्या हातांनी कोणाच्या दारी जाते का मी?"

संध्याकाळी काम थांबल्यावर बायकांनी ओढ्यावर हात धुतले आणि माजिदाभोवती कोंडाळं केलं. माजिदाला त्यांची बोली येत नाही आणि त्यांना तिची, याचं कोणालाच काही वाटलं नाही. भागीबाईने हिरव्या बांगड्या मागितल्या. एक बांगडी चढवताना तडकली. एक तरुण पोर "फुटली" म्हणाली, तशा भागीबाई आणि माजिदा एकदमच तिला म्हणाल्या, "वाढवली म्हण!" आणि दोघी एकमेकींकडे बघून हसल्या.

चौथ्या दिवशी घर उभं राहिलं. शाझियाने आत चूल मांडली, मांडणी लावली, कोपऱ्यात पाण्याचा रांजण, दोरीवर एक लुगडं. मोजकंच. सरांनी उचलून नेलं असतं असं काहीच तिने ठेवलं नाही. मग अम्मीला आत बोलावलं.

माजिदा उंबऱ्याशी बसली. सवयीने. सगळीकडे नजर फिरवली आणि रांजणाशी येऊन थांबली.

"ही बाई या घरात किती वर्षं आहे म्हणालीस?"

"तीस तरी. चार वर्षांपूर्वी नवरा गेला."

"मग चरा कुठे आहे?"

"कसला चरा?"

"रांजण कोपऱ्यात ठेवलास. तांब्या बुडवताना बाईचा हात त्या भिंतीला घासणार. मातीच्या भिंतीवर बांगड्यांचे चरे पडतात, बेटा. मनगटाच्या उंचीवर. कोणाच्याही दारात उभी राहिले की मी आधी तेच बघायची. चरे ताजे दिसले की समजायचं, इथे बाई काचेच्या बांगड्या घालते. मग गाठोडं सोडायचं."

इतकी वर्षं शाझिया समजत होती, की अम्मी बांगड्या भरते आणि घर बघतो आपण. अम्मीही बघत होती. तिच्या आधीपासून, तिच्यापेक्षा बारीक. फक्त तिने कधी वहीत उतरवलं नव्हतं. शाझिया खाली बसली आणि तिने अम्मीच्या मांडीवर डोकं ठेवलं.

"काय झालं?" माजिदा म्हणाली. "रंग दे, पाड ओरखडे. त्यात काय एवढं?"

"नको. खरेच पाडू."

घरातलं शूटिंग सुरू व्हायला अजून एक अख्खा दिवस होता. त्या दिवशी माळावर कोणालाही पाणी हवं असलं, तर ते त्याच रांजणातलं, आणि ते काढून देणार पाड्यावरच्या बायका. भागीबाई, तिची जाऊ, शेजारणी, पाळीपाळीने. कामगार हसत होते, पण दर अर्ध्या तासाने तहान लागल्याचं सांगत येत होते. भिंत अजून पुरती वाळली नव्हती. संध्याकाळपर्यंत मनगटाच्या उंचीवर बारीक, वाकड्या, एकात एक शिरलेल्या रेघा उमटल्या. मग शाझियाने पातळ मातीचा एक हात त्यांवरून असा फिरवला, की चरे दिसावेत, पण जुने दिसावेत. नवरा गेल्यापासून या बाईच्या हातात बांगडी नाही. चार वर्षांत भिंतीला नवा ओरखडा नाही.

नायिकेचं काम करणाऱ्या बाईंना यातलं काही सांगितलं नव्हतं. शूटिंगच्या चौथ्या दिवशी पाणी काढण्याचा साधा प्रसंग होता. तांब्या बुडवता बुडवता त्यांचं लक्ष भिंतीकडे गेलं. त्यांनी तांब्या तसाच पाण्यात सोडला आणि मोकळं मनगट त्या रेघांवर ठेवलं. कितीतरी वेळ. अमोलने 'कट' म्हटलं नाही. म्हटलं ते त्यांनी हात काढल्यावर. तो शाझियाजवळ येऊन म्हणाला, "ताई, हे माझ्या कागदावर नव्हतं."

"माझ्याही नव्हतं," ती म्हणाली. "अम्मीच्या डोक्यात होतं."

शूटिंग संपल्यावर घर पाडायचं ठरलेलं होतं. शाझियाने ते बारकूला देऊ या म्हटलं आणि कोणी हरकत घेतली नाही. बारकूचा मुलगा आणि सून आता त्यात राहतात. सुनेने रांजणाची जागा बदलली. म्हणे, तिथे अंधार पडतो.

नावांच्या यादीवरून मात्र थोडं वाजलं. शाझियाने दोन ओळी लिहून दिल्या होत्या. 'भिंती : बारकू आणि भागीबाई आगिवले, आणि पाड्यावरच्या बायका.' 'घराच्या जाणकार : माजिदा मण्यार.' निर्मात्याचा माणूस म्हणाला, असं पद नसतं. शाझिया म्हणाली, मग माझंही नाव काढा. अमोलने दोन्ही ओळी स्वतःच्या हाताने यादीत घातल्या.

चित्रपट नाशिकला लागला, त्या रविवारी सकाळच्या खेळाला सगळे जमले. दीपकसर काठी टेकत आले. बारकू आणि भागीबाई इगतपुरीहून गाडीने आले. भागीबाईच्या हातात हिरव्या बांगड्या होत्या. रिझवान, मेहविश, आणि मध्ये माजिदा. अन्सारभाई दोन वर्षांपूर्वी गेले होते. त्यांनी बघायला हवं होतं, असं शाझियाला सारखं वाटत राहिलं.

चित्रपट संपला, लोक उठून निघाले, तरी ही रांग बसून राहिली. नावं वर सरकू लागली. माजिदा सातवीपर्यंत मराठी शाळेत शिकली होती, पण सवय सुटल्यामुळे अक्षरं जोडून वाचायला तिला वेळ लागायचा. मेहविशने बोट दाखवलं, "नानी, ते बघ, ते!" माजिदाने "मा... जि..." एवढं म्हणेपर्यंत ओळ पडद्याबाहेर गेली.

"अगं, एवढी घाई कशाला? परत लाव म्हणावं."

झाडू घेऊन आत आलेला माणूस थांबून बघू लागला. दीपकसर खदखदून हसले, इतके की चष्मा काढावा लागला. भागीबाई शाझियाकडे वाकून म्हणाली, "बाई, माझी भित लय मोठी दिसली."

शाझियाने तिचा हात हातात घेतला. काहीतरी बोलायचं होतं. सरांना, अम्मीला, या बाईला, दार उघडून आत घेणाऱ्या त्या सगळ्या घरांना. पण ती मनातलं बोलण्याच्या बाबतीत लहानपणापासून कच्चीच. तिने रिझवानला सांगितलं, आज सगळ्यांचं जेवण आपल्याकडे, भागीबाईंना संध्याकाळची गाडी आहे, त्याच्या आत. मग सर्वांना हळूहळू पायऱ्यांवरून खाली घेऊन ती बाहेर उन्हात आली. माजिदा रिक्षात बसता बसता दीपकसरांना सांगत होती, की त्या पिक्चरमधल्या बाईने शेवटी तरी शहरात जायला हवं होतं, एकटीचं दुखलंखुपलं तर बघणार कोण. सर मान डोलवत होते.